पुण्याच्या पेठा नक्की कशा बघायच्या? शनिवारवाडा पाहिला, पण मन भरलं नाही

उदगीरची लेक

नमस्कार. मी मूळची उदगीरची. दीड वर्षापासून नवी पेठेत कॉट बेसिसवर राहते, स्पर्धा परीक्षेचा अभ्यास चालू आहे. सकाळी सातला अभ्यासिका, दुपारी मेसचा डबा, रात्री दहाला खोलीवर. रविवारी दुपारनंतर तेवढी मोकळीक मिळते.

गेल्या रविवारी मैत्रिणीबरोबर शनिवारवाड्यात गेले. दिल्ली दरवाजासमोर उभी राहिले तेव्हा अंगावर काटा आला. दारावरचे ते टोकदार खिळे, वरचा नगारखाना. पण आत पाऊल टाकलं तर नुसती जोती, हिरवळ आणि कारंज्याचं कोरडं कुंड. तासाभरात बाहेर पडलो. लाल महाल बघितला, तुळशीबागेत दोन क्लिपा घेतल्या आणि परत आलो. पण मनात राहून गेलं की एवढी माणसं इथे अडीच-तीनशे वर्षं राहिली, ती या जोत्यांवर तर राहिली नसतील.

विचारायचं दुसरंही एक कारण आहे. आमच्या घरी आजीच्या लग्नातलं तांब्याचं घंगाळ आहे. त्यात आजीने आम्हा सगळ्या नातवंडांना न्हाऊ घातलं. ती म्हणायची, "पुण्याच्या तांबट आळीतलं हाय, इकडचं न्हाई." आता आजी नाही. मी पुण्यात राहून दीड वर्ष झालं आणि ती आळी कुठे आहे हेसुद्धा मला माहीत नाही, याचं वाईट वाटतं.

तर जाणकारांनी सांगावं. मध्यवस्ती म्हणतात ती नेमकी कुठून कुठपर्यंत? पेठांना वारांची नावं का? आणि एका दुपारी पायी फिरून बघण्यासारखं काय आहे?

---

तांबट हौदापाशी

ताई, तुमच्या आजींचं घंगाळ वाचलं आणि लिहायला बसलो. माझं वय ६८. जन्म कसबा पेठेतला, तांबट हौदापासून चार घरं सोडून. आमचं घर कारागिराचं नव्हतं, वडील पोस्टात होते. पण मागच्या भिंतीपलीकडे तांबटांचा कारखाना होता. सकाळी आठला ठोक सुरू व्हायची, जेवणापुरती थांबायची आणि दिवेलागणीला बंद व्हायची. आई त्या आवाजावर कुकर चढवायची. आमच्या घरात बरीच वर्षं भिंतीवरचं घड्याळ नव्हतं आणि कुणाचं अडलं नाही.

आधी तुमच्या शनिवारवाड्याचं. पाया १७३० साली घातला, १७३२ मध्ये वास्तुशांत झाली. जोती दगडाची, तटबंदी खाली दगडाची आणि वर विटांची, पण वाड्याचे वरचे मजले, खांब, छत सगळं लाकडी. १८२८ च्या आगीत ते जळून गेलं. तुम्ही पाहिलीत ती जोती त्या आगीतून उरलेली. लाल महालही मूळचा नाही, आत्ताची इमारत महापालिकेने विसाव्या शतकात बांधली. मूळ जागा त्याच परिसरात होती आणि १६६३ मध्ये महाराजांनी शाइस्तेखानावर छापा घातला तो तिथेच, त्यामुळे तिथे उभं राहावं हे खरंच. पण लोक या दोन ठिकाणी मध्यवस्ती संपवतात याचं मला वाईट वाटतं. मला विचाराल तर पेठा समजून घ्यायला दोन धागे पुरतात. पाणी कुठून आलं आणि कोणत्या आळीत कोण काय घडवत होतं. वाडे त्या दोन्हींनंतर आले.

जमिनीपासून सुरुवात करू. उत्तरेला मुठा नदी. पूर्वेला नागझरी. पश्चिमेला पूर्वी आंबील ओढा वाहायचा, साधारण आत्ताच्या बाजीराव रस्त्याच्या बाजूने, आणि शनिवारवाड्याजवळ नदीला मिळायचा. नदी आणि दोन ओढे यांच्या कुशीत थोडं उंचावर बसलेलं गाव म्हणजे कसबा. पुण्याचा उल्लेख आठव्या शतकातल्या राष्ट्रकूटांच्या ताम्रपटात सापडतो, इतकी ही वस्ती जुनी. कसब्यातल्या बोळांतून चालताना पायाला चढ जाणवतो, तो मुद्दाम जाणवून घ्या. पुढे नानासाहेब पेशव्यांच्या काळात पर्वतीच्या पायथ्याशी बांध घालून आंबील ओढा पश्चिमेकडे वळवला. पाणी हटलं, जागा मोकळी झाली आणि सदाशिव, नारायण या बाजूला पेठा वाढायला वाव मिळाला. तुम्ही राहता त्या भागाला जागा मिळाली ती ओढा हलल्यामुळे.

आता वारांची नावं. पेठ ही मुळात बाजाराची वसाहत. सरकारातून कौल, म्हणजे पेठ वसवायची परवानगी, मिळायचा, शेटे-महाजन नेमले जायचे, व्यापारी आणि कारागीर येऊन वसावेत म्हणून काही वर्षं कर माफ असायचे. काही पेठा मराठी अंमल पक्का व्हायच्या आधीच्या आहेत आणि त्यांची नावंही वेगळी होती. रविवार पेठ म्हणजे मलकापूर, सोमवार म्हणजे शहापूर, शनिवार म्हणजे मुर्तजाबाद. बुधवार पेठ औरंगजेबाने १७०३ मध्ये वसवली, तेव्हाचं नाव मुहियाबाद. वारांची नावं पेशवाईत रूढ झाली. त्यानंतरच्या बऱ्याच पेठांना माणसांची नावं आहेत. सदाशिवरावभाऊंची सदाशिव, नारायणरावांची नारायण, नाना फडणविसांची नाना, सरदार रास्त्यांची रास्ता.

वस्ती वाढली तशी नदी आणि घराघरातले आड पुरेनात. अठराव्या शतकाच्या मध्यात नानासाहेबांनी कात्रजला तलाव बांधले आणि तिथून जमिनीखालून शहरात नळ आणला. नळ म्हटल्यावर लोखंडी पाइप डोळ्यांपुढे आणू नका. दगड-चुन्याचा बांधीव बोगदा तो, माणूस आत शिरून चालेल एवढा. ठरावीक अंतरावर वर उघडणारे उच्छ्वास ठेवलेले, म्हणजे आत हवा खेळायची आणि खाली उतरून गाळही काढता यायचा. पंप नाही, जोर नाही, निव्वळ उताराच्या हिशेबावर पाणी कात्रजहून शनिवारवाड्यापर्यंत यायचं. वाटेत पेठोपेठी हौद बांधले होते. काळा हौद, बदामी हौद, नाना हौद, फडके हौद. आज यातले कितीतरी फक्त चौकाच्या नावात उरलेत. रिक्षावाल्याला "फडके हौद" म्हटलं की तो बरोबर आणून सोडतो, पण तिथे उतरणाऱ्या कुणाच्या मनात पाणी नसतं.

मग आळ्या. कसब्यात तांबट आळी, शिंपी आळी, नदीच्या अंगाला कुंभारवाडा. रविवार पेठेत बोहरी आळी, तिथे आजही खिळ्या-मोळ्यांपासून रंग-रसायनांपर्यंत सगळं मिळतं. शालूकर बोळ नावातूनच सांगतो तिथे काय चालायचं ते. बाहेरगावची माणसं पुण्यातल्या देवांची नावं ऐकून नवल करतात, पण त्यातली काही नावं सरळ बाजारातून आलेली आहेत. देवळासमोर पासोड्या, म्हणजे जाड सुती पांघरुणं, विकायला बसायचे म्हणून पासोड्या विठोबा. मला हे फार मोलाचं वाटतं. कारागिराने आणि दुकानदाराने आपल्या धंद्याचं नाव देवाला दिलं आणि देवाने ते अडीचशे वर्षं सांभाळलं.

तुमच्या घंगाळाविषयी आता. आळीतले कारागीर बहुतेक त्वष्टा कासार समाजाचे, त्यांचे पूर्वज पेशवाईत कोकणातून इथे आले. बंब, हंडे, घागरी, घंगाळं, पातेली, सगळं तांब्या-पितळेचं. मी लहानपणी तासन्‌तास उंबऱ्यावर बसून बघायचो. पत्रा कापून, गोल वळवून, जोडावर डाग देऊन, म्हणजे तो सांधून, भांड्याचा आकार व्हायचा. मग ते तापवायचं, काळं पडलेलं चिंचेने घासून लख्ख करायचं आणि मठारायला घ्यायचं. मठारणं म्हणजे काय, तर भांडं आतून लोखंडी ठोकळ्यावर टेकवायचं आणि बाहेरून गुळगुळीत तोंडाच्या हातोडीने एकाशेजारी एक ठोका द्यायचा. प्रत्येक ठोक्याला जुन्या चवलीच्या नाण्याएवढा चकचकीत खळगा उठतो. एक रांग पुरी झाली की खालची रांग, आणि वरच्या दोन खळग्यांच्या मधोमध खालचा ठोका. उजवा हात एकाच उंचीवरून पडत राहतो आणि डावा हात भांडं केसभर फिरवत राहतो. कारागीर हातोडीकडे बघतच नाही. त्याचं लक्ष आवाजावर असतं. ठोका नीट बसला की खणखणीत वाजतो, चुकला की बद्द.

पुष्कळांना वाटतं मठार शोभेसाठी असतो. शोभा येतेच, पण तापवलेलं तांबं मऊ पडलेलं असतं, मठारल्यावर ते कडक होतं. पातळ पत्र्याच्या घंगाळात दोन बादल्या पाणी ओतलं तरी पोट सुटत नाही ते त्यामुळे. तुमच्या आजींचं घंगाळ इतकी वर्षं टिकलं त्याचं श्रेय त्या हजारो ठोक्यांना.

आता फिरायचं कसं. दुपारी तीनला कसबा गणपतीपासून निघा. तिथून तांबट आळी. पण रविवारी बरेच कारखाने बंद असतात, जमलं तर एखाद्या शनिवारी अर्धा दिवस काढा. मग फडके हौद, बोहरी आळीतून सोन्या मारुतीवरून मंडई. मंडईची दगडी इमारत १८८६ ची, रे मार्केट तिचं मूळ नाव, आता महात्मा फुले मंडई. मधल्या अष्टकोनी मनोऱ्याखाली उभं राहून चारी बाजूंना फाकलेले गाळे बघा. त्याआधी भाजीबाजार शनिवारवाड्यासमोरच्या मैदानात भरायचा. शेवटी तुळशीबागेतलं राममंदिर. १७६१ मध्ये काम सुरू झालं आणि पुरं व्हायला १७९५ उजाडलं. क्लिपा घ्यायला गेलात तेव्हा देवळात शिरलात का? नसलात तर आता शिरा, आत गेलं की बाहेरचा गलका एकदम मागे पडतो.

---

नाना पेठ माहेर

काकांनी फार सुंदर लिहिलंय. मठाराचं वाचून मला आमच्या न्हाणीघरातला बंब आठवला. पण उदगीरच्या ताईला दोन गोष्टी सांगायलाच हव्यात.

पहिली, नागझरीवर थांबू नकोस. मध्यवस्तीविषयी लिहिणारे बहुतेक जण ओढा ओलांडत नाहीत. दारूवाला पुलावरून पूर्वेला ये. नाना, रास्ता, भवानी या पेठांमध्ये खरं गजबजलेलं पुणं आहे. माझं बालपण नाना पेठेत गेलं. आमच्या घरापासून पायी दहा मिनिटांच्या आत पारशांची अग्यारी, क्वार्टर गेटजवळचं सिटी चर्च आणि रास्ता पेठेतलं बेने इस्राएल, म्हणजे इथल्या मराठी ज्यू लोकांचं सिनेगॉग होतं. सिटी चर्चला जागा सवाई माधवरावांनी दिली. पेशव्यांच्या फौजेत गोव्याकडचे ख्रिस्ती सैनिक होते, त्यांना प्रार्थनेला ठिकाण हवं म्हणून. ते साल १७९२. माझ्या वर्गात एक बेने इस्राएल मुलगी होती. घरी आमच्यासारखीच मराठी बोलायची, तिची आजी नऊवारी नेसायची, आणि शुक्रवारी संध्याकाळी तिच्याकडे दिवे लागायचे. भवानी पेठेत लाकडाच्या वखारी होत्या, त्या बाजूने शाळेतून येताना कापलेल्या सागवानाचा वास यायचा. तो वास आला की मी आजही कुठेही असले तरी तिथे पोचते.

दुसरी गोष्ट काकांच्या पाण्याविषयी. हौद बांधले, पाणी खेळवलं, हे मोठं काम झालंच. पण त्या हौदांवर सगळ्यांना पाणी भरता येत नव्हतं. अस्पृश्य मानलेल्या माणसाला तिथे हात लावायची मुभा नव्हती. १८६८ मध्ये गंज पेठेत जोतीराव फुल्यांनी आपल्या घरचा हौद त्यांच्यासाठी खुला केला. तो फुले वाडा आजही आहे, पेठेला आता त्यांचंच नाव आहे. आत गेलीस की तो हौद बघ. मंडईला फुल्यांचं नाव आहे हे सगळ्यांना माहीत असतं, हा हौद मात्र फार थोडे बघतात. आणि दगडूशेठच्या समोर भिडे वाड्याची जागा आहे, जिथे १८४८ साली जोतीराव-सावित्रीबाईंनी मुलींची शाळा काढली. जुना वाडा डिसेंबर २०२३ मध्ये उतरवला, तिथे स्मारक व्हायचं आहे. तू परीक्षेसाठी घर सोडून आलेली मुलगी आहेस. त्या फुटपाथवर दोन मिनिटं थांबशील असं मला वाटतं.

---

शुक्रवार पेठेची सून

मी १९८४ साली लग्न होऊन सांगलीहून शुक्रवार पेठेतल्या वाड्यात आले. २६ वर्षं तिथे संसार केला, आता धायरीला फ्लॅटमध्ये राहते. इथे कुणी तरी वाड्याच्या आतलं लिहायला हवं म्हणून लिहिते.

आमच्या वाड्यात १२ बिऱ्हाडं. दोन खोल्या आमच्या, त्यात आम्ही सात माणसं. संडास तीन, तेही मागच्या चौकात. पहाटे साडेचारला नळ यायचा आणि सहाला जायचा. त्या दीड तासात सगळं भरून ठेवायचं. माझी पाळी माडीवरच्या बिऱ्हाडानंतर, कळशी कंबरेवर घेऊन अंधारा जिना चढायचा, एक हात भिंतीला. त्या भिंतीवर बायकांच्या हातांनी तेलकट पट्टा उमटला होता, जिन्याच्या वळणापर्यंत. दरवर्षी दिवाळीला चुना लावायचो आणि होळीपर्यंत तो पुन्हा दिसायचा.

भाडं महिना १८ रुपये. भाडं कायद्याने गोठलेलं, त्यामुळे मालकाला डागडुजी परवडायची नाही आणि आम्हाला दुसरीकडे जाणं परवडायचं नाही. पावसाळ्यात पांढऱ्या मातीची भिंत पाणी प्यायची, फुगायची. एका श्रावणात स्वयंपाकघराची कोपऱ्यातली भिंत रात्री बसली. सुदैवाने तिथे कुणी झोपलेलं नव्हतं. तेव्हापासून पाऊस जोरात आला की मी जागीच.

पण हेही तितकंच खरं की माझी दोन्ही बाळंतपणं शेजारणींनी काढली. सासूबाई अंथरुणाला खिळल्या तेव्हा मी नोकरीवर जाऊ शकले, कारण समोरच्या काकू दर तासाला डोकावायच्या. गौरीच्या दिवशी बाराही घरांच्या गौरी बघितल्याशिवाय कुणी जेवत नव्हतं. धायरीला माझ्या मजल्यावर चार घरं आहेत, एका घराचं आडनाव मला अजून माहीत नाही.

वाडे पाडू नयेत असं लोक लिहितात तेव्हा माझ्या पोटात कालवतं, दोन्ही बाजूंनी. जागा लहान, वारस दहा, भाडेकरू बारा, समोर बोळ एवढासा की नियमाप्रमाणे उंच इमारत बसत नाही. शनिवारवाड्याजवळच्यांची तर आणखी अडचण. संरक्षित स्मारकापासून १०० मीटरच्या आत नवं बांधकामच करता येत नाही, त्यापुढच्या २०० मीटरला परवानग्या लागतात. स्मारक जपायला हवंच. पण त्या १०० मीटरमध्ये गळक्या छपराखाली राहणारी माणसं आहेत, त्यांचाही काही विचार व्हायला हवा. ताई, बोळातून जाताना एखादा वाडा टेकू लावून उभा दिसला तर फोटो जरूर काढ, पण आत कुणाचं तरी दूध गॅसवर असेल हे लक्षात ठेव.

---

तांबट हौदापाशी

नाना पेठेच्या ताईंनी हौदाचं लिहिलं ते माझ्याकडून राहायला नको होतं. पाण्याची गोष्ट सांगायची तर ती त्या हौदाशिवाय अर्धी आहे. मनापासून आभार.

सूनबाईंचं वाचून एक गोष्ट आठवली. १२ जुलै १९६१, पानशेतचा पूर. सकाळी पानशेत फुटलं, मागोमाग खडकवासला. मी चार वर्षांचा होतो, मला फक्त वडिलांच्या खांद्यावर बसल्याचं आठवतं. बाकीचं आजीने सांगितलेलं. कुंभारवाड्यात गणपतीचं काम सुरू झालं होतं, शाडूच्या मूर्ती फळ्यांवर वाळत होत्या. पाणी आलं आणि सगळ्या विरघळून गेल्या. ओसरल्यावर चिखल उपसताना आजीला एका मूर्तीचा पाट सापडला, वर काही नव्हतं. त्या वर्षी घरोघरी सुपारी पुजली असं ती सांगायची. शहराचा नळ बंद पडला होता, तेव्हा आमच्या वाड्यातला आड कामाला आला. अख्ख्या बोळाने तो आठवडाभर उपसला. पूरग्रस्तांना गोखलेनगर, सहकारनगर अशा ठिकाणी घरं मिळाली, नदीकाठची कितीतरी कुटुंबं तेव्हा पेठ सोडून गेली. शहर पसरायला लागलं ते तिथून.

ताई, आळीत जाऊन आलात की कळवा. आता कारखाने थोडे उरलेत, पण ठोक ऐकू येते. सप्टेंबर २०२४ पासून कसबा पेठेचं मेट्रो स्टेशन सुरू झालंय, तरी चालतच या. गाडी जमिनीखालून नेते, बोळ वर राहून जातात.

---

उदगीरची लेक

काका, नाना पेठेच्या ताई, काकू, सगळ्यांचे खूप आभार. शनिवारी अभ्यासिकेला दांडी मारून गेले आणि आत्ता खोलीवर आल्या आल्या लिहितेय.

काका, चढ जाणवला. कसबा गणपतीकडून आत शिरले आणि आळी सापडायच्या आधी आवाज सापडला. दोन हातोड्या चालू होत्या, एक भरभर आणि एक सावकाश. आवाजाच्या मागे गेले. एक वयस्कर कारागीर मोठ्या हंड्याला मठारत बसले होते. तुम्ही लिहिलंत तसंच, डावा हात केसभर फिरतोय आणि डोळे भलतीकडेच. मी उंबऱ्याशी उभी राहिले, त्यांनी काही विचारलं नाही, नुसतं स्टूल पुढे सरकवलं.

मग मी मोबाइलवर घंगाळाचा फोटो दाखवला. त्यांनी चष्मा वर केला, फोटो मोठा करून काठ बघितला. म्हणाले, "काठात तार घालून वळवलाय. आता कोण एवढं करत बसतंय." त्यांनी विचारलं, तळाला मठार आहे का साधा आहे? मला सांगता येईना. म्हणून आईला तिथूनच व्हिडिओ कॉल लावला. आईने घंगाळ माळवदावरून खाली आणलं, उपडं केलं आणि दिव्याखाली धरलं. तळाला मठार होताच. पण कानाच्या खाली काठाला ठिपक्या-ठिपक्यांनी नाव घातलेलं दिसलं. आई इतकी वर्षं ते घासतेय, तिलाही वाटायचं नक्षी आहे. "चिंच लाव," असं कारागीरकाका मोबाइलमध्ये तोंड घालून म्हणाले. आईने चिंचेचा कोळ लावून घासलं आणि अक्षरं उजळली. आजीचं नाव होतं. सासरचं नाव नाही, माहेरचं. लग्नात तिच्या वडिलांनी घालून दिलेलं. ते नाव मी कधी ऐकलंच नव्हतं, आईने फक्त एकदा ऐकलं होतं. आई बराच वेळ काही बोलली नाही. इकडे दुसरी हातोडीही थांबली होती.

घंगाळाचा एक कान हलतोय. कारागीरकाका म्हणाले, घेऊन या, बसवून देतो, कल्हईचं काम नाही, नुसता रिवेट बदलायचाय. दिवाळीला घरी जाईन तेव्हा येताना बसने घेऊन येणार आहे.

मंडईपर्यंत गेले, मनोऱ्याखाली उभी राहिले. राममंदिरातही गेले. ताई, भिडे वाड्याच्या जागेसमोर थांबले, दोन मिनिटांपेक्षा जास्त. फुले वाड्याला पोचेपर्यंत बंद व्हायची वेळ झाली होती, तो हौद राहिला. पुढच्या रविवारी दारूवाला पुलावरून तिकडेच येते. ताई, लाकडाच्या वखारी अजून आहेत ना?